गुरुअण्णांची होडी

फुटबॉलच्या मोसमात कोल्हापूरच्या मैदानावर कधी गेलात तर एक गंमत कानावर येईल. एखादा खेळाडू चेंडू घेऊन गोलच्या तोंडाशी पोचला की त्याच्या बाजूचं अख्खं मैदान एका सुरात ओरडतं, "होऽऽडी!" आणि गॅलरीतून कागदी होड्या उडतात. परगावचा माणूस भांबावतो. आसपास पाण्याचा थेंब नाही, पंचगंगा तिकडे लांब, मग ही होडी आली कुठून? शेजारच्या पोराला विचारलं तर तो खांदे उडवतो आणि म्हणतो, "पावणं, हितं असंच म्हणत्यात." त्या पोराला ठाऊक नाही. मला ठाऊक आहे, कारण ज्या माणसाच्या तोंडून हा शब्द पहिल्यांदा निसटला त्याच्या शेजारच्या टेबलावर मी माझी निम्मी नोकरी काढली.

गुरुपाद कडगावे हे त्यांचं कागदोपत्री नाव. गाव त्यांना गुरुअण्णा म्हणायचं. आमच्या पेपरचे ते क्रीडा प्रतिनिधी होते, रेडिओवर आठवड्यातून एकदा क्रीडावृत्त वाचायचे, जत्रांमधल्या कुस्त्यांचं निवेदन करायचे आणि फुटबॉलच्या सामन्यांना लाऊडस्पीकरवर त्यांचाच आवाज असायचा. उंचीनं बेताचे, अंगानं काटकुळे. गळ्याला बारा महिने मफलर. चैत्रातल्या उन्हात आम्ही पदरानं वारा घेत असायचो आणि अण्णा मफलरात गळा गुंडाळून, खडीसाखर आणि ज्येष्ठमधाचा तुकडा गालात धरून बातमी लिहीत बसलेले. कोल्हापुरात राहून मटणाला न शिवणारा माणूस म्हणून त्यांची सगळे टिंगल करायचे. त्यावर ते म्हणायचे, "माझ्या वाटणीचं तुम्ही खावा की, मी काय तक्रार केलीय?"

मला खेळातलं ओ की ठो कळत नव्हतं. माझ्याकडे बाजारभावाचं पान. शाहूपुरीतल्या कचेरीत दुपारी जाऊन बसायचं, गूळ, शेंगा, मिरचीचे दर फोनवर उतरवून घ्यायचे आणि पान लावायचं. गुळाचे दर मल्लूशेठ द्यायचे. मल्लूशेठ हे गुळाचे अडते, मूळचे सीमेकडचे, घरात कानडी आणि पेढीवर मराठी बोलणारे. दर एका वाक्यात संपायचा आणि पुढची दहा वाक्यं फुटबॉलवर. मी फोन कानापासून लांब धरून अण्णांकडे पाहायची आणि अण्णा गालातल्या खडीसाखरेसकट हसायचे.

त्यांची माझी खरी ओळख एका भांडणानं झाली, आणि ते भांडण माझं नव्हतं. नव्वदच्या दशकाची सुरुवात असेल. कुठल्याशा मोठ्या कुस्तीची बातमी अण्णांनी दिली होती. वृत्तसंपादकांनी तिला मथळा दिला, अमक्यानं तमक्याला धूळ चारली. अण्णा कागद घेऊन त्यांच्यासमोर उभे राहिले.

"साहेब, हे काढा."

"का? सगळे पेपर असंच लिहितात."

"सगळ्यांनी कुस्ती बघितली न्हाई. मी बघितलीया. दोघांच्याबी अंगाला माती लागलीती."

"अहो अण्णा, बोलायची रीत असते ती."

"हरलेल्याची आई सकाळी पेपर वाचती. तिला काय रीत सांगायची?"

मथळा बदलला. त्यानंतर अण्णांच्या बातमीत कधी कुणी कुणाला पाणी पाजलं नाही, धूळ चारली नाही की आस्मान दाखवलं नाही. नव्या उपसंपादकानं तसलं काही घातलं की अण्णा पेन काढायचे, टोपण उघडायचे आणि एक बारीक रेघ मारायचे. त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं आणि ते मी इतक्यांदा ऐकलंय की आजही बातमी लिहायला बसले की मनात उमटतं: "सांगणाऱ्यानं सांगायचं. मागायचं न्हाई." खेळाची हकीगत सांगणाऱ्यानं निकाल मागू नये, कुणी जिंकावं अशी इच्छा आवाजात येऊ देऊ नये, हा त्यांचा धर्म. अण्णा लिंगायत; गळ्यातलं लिंग आणि हे वाक्य, दोन्ही त्यांनी सारख्याच निष्ठेनं सांभाळलं.

हा धर्म ते पाळायचे कसा, ते सांगायला हवं. कोल्हापूरचा फुटबॉल पेठांचा आणि पेठा तालमींच्या; कुस्तीच्या तालमीच इथं फुटबॉलचे संघ उतरवतात. एका पेठेतल्या घरात दुसऱ्या पेठेची सून आली तर सामन्याच्या दिवशी ती माहेरचं नाव काढत नाही. अशा गावात निवेदक कुठल्या पेठेतला, हाच पहिला प्रश्न. अण्णा कसबा बावड्याचे. शहरातल्या दोन्ही मातब्बर तालमींना ते बाहेरचे, म्हणून चालले. सामन्याच्या दिवशी ते बावड्याहून सायकलवर यायचे ते चहाचा थर्मास पिशवीत घालून. कुठल्याच पेठेतला चहा प्यायचा नाही असा त्यांचा नेम. कुणी फारच गळ घातली तर थर्मासच्या झाकणात आपलाच चहा ओतून समोरच्याला द्यायचे. "तुम्ही माझा घ्या, मी तुमचा घेत न्हाई," म्हणायचे. लोकांना आधी राग आला, मग सवय झाली.

त्या दोन तालमींची खरी नावं मी लिहीत नाही. लिहिली तर दोन्हीकडून घरावर दगड येतील. एकीला थोरली म्हणू, एकीला धाकटी. थोरलीवाले विचारतील धाकटी कोण आणि धाकटीवाले विचारतील आम्ही धाकटे कसे, पण त्याला माझा इलाज नाही.

माईक मैदानावरच्या लाऊडस्पीकरवाल्याचा होता. अण्णांचा फक्त रुमाल. पांढरा, कडेला हिरवी रेघ असलेला रुमाल ते माईकवर बांधायचे, वाऱ्याची खरखर येऊ नये म्हणून. तो एकदा मोसमाच्या सुरुवातीला बांधला की शेवटीच सुटायचा. माईकपुढं बसण्याआधी ते शर्टावरून छातीशी हात न्यायचे. नवख्याला वाटायचं खिशातलं पेन चाचपतायत. पेन नव्हे, गळ्यातलं लिंग. मग मफलर सैल करायचे आणि बोलू लागायचे. आवाज मोठा नव्हता, भरीव होता, आणि शब्द मोजके. मी पहिल्यांदा मैदानावर गेले ती त्यांच्या बोलण्यासाठी. भिंतीबाहेर रस्त्यावर माणसं सायकली टेकून उभी होती, तिकीट न काढलेली, आणि त्यांना आतलं सगळं दिसत होतं. मी हे अण्णांना सांगितलं तेव्हा ते लाजले. मग म्हणाले, "ताई, एरवी मी कुणाच्या ध्यानात न्हाई. बाजारात गेलो तर भाजीवाली मला वळखत न्हाई. माईकवर बसलो की सगळं गाव माझ्या डोळ्यानं बघतंय. त्येवढ्यासाठी जगतोय म्हणा की." हे ते हसत म्हणाले, पण मला ते खरं वाटलं.

ही कला ते शिकले कुठं, तर ऑस्ट्रेलियात. म्हणजे ऑस्ट्रेलियाला ते कधी गेले नाहीत, पण तिकडे क्रिकेट असलं की कातडी पिशवीतला ट्रान्झिस्टर पहाटे उशाशी घेऊन बसायचे आणि खरखरीतून तिकडचं इंग्रजी समालोचन धरायचे. इंग्रजी त्यांना अर्धमुर्धं कळायचं. तिथल्या एका समालोचकावर त्यांचा जीव होता. त्याचं नाव काही त्यांना नीट पकडता आलं नाही, ते त्याला "तिकडचं पावणं" म्हणायचे.

"काय बोलतो तो एवढं?" मी एकदा विचारलं.

"बोलत न्हाई, त्येच तर. गोलंदाज पळत आला की गप्प बसतोय. बॅटचा आवाज हिकडं पोचू देतोय. मग बोलतोय."

त्या पावण्याकडून घेतलेली विद्या मी एका जत्रेत पाहिली. शेवटची मोठी कुस्ती लागली होती. दोघं पैलवान तोडीस तोड, मानेला मान लावून उभे, कुणी हलेना. लोक कंटाळले, शिट्ट्या सुरू झाल्या, कुणीतरी "सोडवा, सोडवा" म्हणून ओरडू लागलं. दुसरा कुणी निवेदक असता तर त्यानं डाव, घराणी आणि वस्ताद यांची नावं घेत वेळ मारून नेली असती. अण्णा म्हणाले, "आता मी बोलत न्हाई. तुम्हीबी बोलू नगासा. ऐका." आणि त्यांनी माईक फडाच्या कडेला, मातीच्या जवळ नेऊन धरला. लाऊडस्पीकरमधून दोन माणसांचे श्वास येऊ लागले. इतकी मोठी जत्रा, पण सगळे चिडीचूप. ती कुस्ती शेवटी बरोबरीत सुटली, तरी लोक उठून टाळ्या वाजवत होते. माझ्या अंगावर काटा आला होता, आणि मी तर तिथं फक्त बांगड्या घ्यायला गेले होते.

असा हा गप्प राहण्याची साधना करणारा माणूस. पण फुटबॉलमध्ये त्यांची एक अडचण होती. कुणी खेळाडू एकटा सुटला, समोर फक्त गोलरक्षक उरला, की अण्णांचं सगळं शिक्षण वाऱ्यावर जायचं आणि तोंडून शब्द निसटायचा, "होडी! होडी!" पुढच्याच क्षणी ते सावरायचे आणि काही घडलंच नाही अशा आवाजात गोल कुणी केला ते सांगायचे.

पहिल्यांदा लोक हसले. निवेदकाला होडी दिसली, अण्णांना रंकाळा तलावाची आठवण झाली, असे विनोद झाले. मग लोकांना त्याची चटक लागली. गोल व्हायच्या आधी अण्णा होडी म्हणतात, म्हणजे होडी शुभ, असं दोन्ही तालमींच्या पोरांनी ठरवून टाकलं. कुणीतरी कागदाची होडी करून उडवली, दुसऱ्या सामन्याला शंभर उडाल्या. होड्यांना कागद लागतो आणि कोल्हापूरचा माणूस पेपरातलं खेळाचं पान फाडत नाही, पहिलं पान फाडत नाही. तो फाडतो बाजारभाव. एकदा एक होडी माझ्या मांडीवर येऊन पडली आणि पाहते तर तिच्या शिडावर माझे गुळाचे दर. मी ती सोमवारी कचेरीत आणून अण्णांच्या टेबलावर ठेवली. म्हटलं, "अण्णा, तुमच्यापायी माझं पान बुडतंय." ते खळखळून हसले, पण होडी म्हणजे काय, हे मी विचारल्यावर बातमीत डोकं घालून म्हणाले, "येतंय तोंडाला कायतरी."

ते काय होतं ते गावाला कळलं एका अंतिम सामन्यात. दशक संपत आलेलं. थोरली विरुद्ध धाकटी. शेवटची काही मिनिटं उरली होती आणि दोन्हीकडे गोल नव्हता. धाकटीचा एक कोवळा पोरगा चेंडू घेऊन उजवीकडून सुटला. गोलच्या समोर आला आणि थबकला. पाय उचलावा की चेंडू दुसऱ्याला द्यावा, त्याला सुचेना. लाऊडस्पीकरमधून अण्णांचा आवाज आला, "होडी!" पोरानं पाय उचलला. गोल झाला. धाकटीनं चषक नेला.

होड्या उडतच होत्या तेवढ्यात थोरलीच्या गॅलरीतून मल्लूशेठ कठड्यावर चढले. धोतर सावरत, लालबुंद होऊन ओरडले, "होडी म्हंजे नाव न्हवं! कानडीत होडी म्हंजे मार! ह्येनं पोराला मार म्हणून सांगिटलंय!"

मल्लूशेठना हे काही त्या दिवशी समजलं नव्हतं. मैदानावर सीमेकडची कितीतरी माणसं असायची, सगळ्यांना अर्थ ठाऊक होता आणि सगळे गालात हसून मजा घेत होते. मल्लूशेठ तर स्वतः होड्या उडवणारे. पण आपली तालीम हरल्यावर त्यांना मातृभाषा आठवली. मग दगड आले, खुर्च्या आल्या, पोलीस आले. अण्णा माईकपुढं बसूनच होते. कपाळाला कुठूनतरी आलेला खडा लागला होता आणि मफलरला रक्ताचा डाग पडला होता.

पुढच्या रविवारी सकाळी आयोजकांनी बैठक बोलावली. थोरलीचं म्हणणं एकच: अण्णांना माईकवरून काढा, नाहीतर आम्ही मैदानात उतरत नाही. बातमीला कुणाला पाठवायचं यावर आमच्याकडे खल झाला. क्रीडा प्रतिनिधीच आरोपी, तेव्हा वृत्तसंपादकांनी बाजारभाववालीला पाठवलं. तिला खेळातलं काही कळत नाही, हीच माझी पात्रता.

सभागृह खच्चून भरलं होतं. समोर टेबल, टेबलावर मैदानावरचाच माईक, आणि त्यावर अण्णांचा हिरव्या रेघेचा रुमाल तसाच बांधलेला. अध्यक्ष जुने खेळाडू, भला माणूस. त्यांना अण्णांना घालवायचं नव्हतं. त्यांनी तोड काढून ठेवली होती.

"अण्णा, वाद वाढवायचा न्हाई. तुम्ही येवढंच म्हणा. होडी म्हंजे होडी, पाण्यातली. लहान पोरंबी तसंच समजत्यात. मिटलं."

सगळे हसले. थोरलीवालेसुद्धा हसले. त्यांनाही खरं तर मिटवायचंच होतं, असं मला वाटतं. मी मनात म्हणत होते, म्हणा अण्णा, म्हणून टाका, एवढंसं तर आहे. मला त्यांच्या सायकलीला अडकवलेला थर्मास दिसत होता, भिंतीबाहेर सायकली टेकून उभी राहिलेली माणसं दिसत होती. दोन शब्दांत हे सगळं वाचणार होतं.

अण्णा उठले. छातीशी हात नेला. मफलर सैल केला.

"होडी म्हंजे मार," ते म्हणाले. "मल्लूशेठ खरं बोलल्यात. आमच्या घरात तसंच म्हणत्यात."

मल्लूशेठ मान खाली घालून बसले. खरं ठरल्याचा त्यांना आनंद झालेला दिसला नाही.

"मग कुणाला म्हणालासा?" थोरलीतला एक जण उठला.

"ज्येच्याकडं चेंडू हुता त्येला."

"म्हंजे धाकटीला!"

"त्या वक्ताला, व्हय."

"आणि आधीच्या सामन्यात थोरलीला म्हणाले ते?" धाकटीचं पोर तिकडून ओरडलं. "तवा बरं कुणाला कानडी कळलं न्हाई!"

गलका झाला. कुणी कुणाला किती वेळा होडी म्हटलं याची उजळणी सुरू झाली. अण्णांनी हात वर केला.

"त्येचा हिशोब करू नगासा. दोघांना म्हटलं म्हणून बरोबर ठरत न्हाई. सांगणाऱ्यानं सांगायचं, मागायचं न्हाई. मी मागिटलं. पोरगं थबकलंतं, त्येनं माझं ऐकून पाय उचलला का आपल्या मनानं, ते त्येलाबी सांगता यायचं न्हाई. मग तो गोल नक्की कुणाचा?"

अध्यक्ष काकुळतीला आले. "बरं, पुन्यांदा म्हणणार न्हाई, येवढं तर सांगशीला?"

"त्ये माझ्या हातात न्हाई."

"तोंडात तर हाय!" कुणीतरी म्हणालं आणि पुन्हा हशा पिकला.

"तोंडातबी न्हाई," अण्णा म्हणाले आणि त्यांनी पोटावर हात ठेवला. "हितनं येतंय. मी लई प्रयत्न केलाय."

मग ते माईकवरचा रुमाल सोडू लागले. मोसमभराची गाठ, घामानं आणि धुळीनं घट्ट बसलेली. नखं लागेनात. सगळं सभागृह त्यांच्या बोटांकडे बघत होतं आणि कुणालाच पुढं होऊन मदत करायची हिंमत होत नव्हती. मीसुद्धा हातात पेन धरून बसून राहिले. शेवटी गाठ सुटली. त्यांनी रुमाल झटकला, घडी केली, खिशात ठेवला आणि नमस्कार करून बाहेर पडले.

मी त्यांच्या मागं धावले. बैठक थोरलीच्या पेठेत होती. कोपऱ्यावर एक चहाचं हॉटेल होतं. अण्णा त्याच्यासमोर थांबले, आत गेले आणि बाकावर बसले. "दोन चहा," म्हणाले. मी त्यांच्याकडे पाहतच राहिले.

"आता काय अडचण हाय?" ते म्हणाले. "प्या की ताई. वास तर इतकी वरसं घेतोय ह्येच्या चहाचा." चहा प्यायल्यावर त्यांनी ठरवलं की इथला घेतला तर तिकडचाही घ्यायला हवा, म्हणून आम्ही चालत धाकटीच्या पेठेत गेलो आणि तिथं पुन्हा दोन चहा घेतले. त्या दुसऱ्या चहावर त्यांनी मला त्यांच्या आईची गोष्ट सांगितली.

वडील सीमेकडचं गाव सोडून बावड्याला साखर कारखान्यात कामाला आले. आईला मराठीचा गंध नव्हता. कामगारांच्या वस्तीत ती दिवसभर कुणाशी बोलायची नाही, कारण बोलणार काय? घरामागं माळ होता, तिथं पोरं चेंडू खेळायची. संध्याकाळी ती दाराशी ज्वारी पाखडत बसायची आणि खेळ बघायची. आणि कुणी चेंडूपाशी पोचलं की सूप खाली ठेवून ओरडायची, "होडी! होडी!" तेवढाच तिचा बाहेरच्या जगाशी बोललेला शब्द. पोरं हसायची. तिला होडीवाली मावशी म्हणायची.

"मला लाज वाटायची," अण्णा म्हणाले. "मी घरात जाऊन म्हणायचो, अव्वा, तू आत बस. तिला कोन कुठल्या बाजूचं त्येच कळायचं न्हाई. ज्येनं पाय उचलला तो तिचा. येकदा मीच गोलात उभा, आणि ही समोरच्या पोराला होडी होडी म्हणतीया! पोटच्या पोरावर गोल करायला सांगती!" ते हसता हसता थांबले. "ती गेली. आता घरात माझ्याशी कानडी बोलणारं कोन न्हाई ताई. बायको मराठीवाली, पोरं मराठीवाली. म्हणून ते मैदानावर भाईर पडत असंल."

त्यांनी कप खाली ठेवला आणि पुन्हा कधी हा विषय काढला नाही.

मैदानावर नवा निवेदक आला. त्याचा आवाज चांगला होता, शब्द पाठ होते, आणि एका दमात पुष्कळ बोलायचा. अण्णा पेपरात लिहीत राहिले, रेडिओवर वाचत राहिले, पण मोसम आला की दुपारी त्यांचं चित्त ठिकाणावर नसायचं. खिडकीशी जाऊन उभे राहायचे. वारा अनुकूल असला तर शाहूपुरीपर्यंत मैदानाचा गलका ऐकू यायचा. गलका चढला की त्यांचे ओठ हलायचे. मला ते बघवायचं नाही आणि मी गुळाचे दर पुन्हा तपासायला घ्यायची.

दोन हजारनंतर गावात केबल चॅनल निघाली. शिरोली एमआयडीसीत फौंड्री असलेल्या एका हौशी माणसानं अण्णांना बोलावलं. बंद खोलीत पडद्यावर सामना बघत बोलायचं, मैदानावर कुणाला ऐकू जाण्याचा प्रश्नच नाही. मला वाटलं, झालं, आता अण्णांना पाहिजे तेवढी होडी म्हणता येईल. पण पहिल्याच सामन्यात घरोघरी आवाज बंद पडला. लोकांनी टीव्हीला थपडा मारल्या, केबलवाल्याला फोन केले. तो धावत खोलीत गेला तर अण्णा माईकपुढं स्वस्थ बसलेले.

"अण्णा, बोला की!"

"काय बोलू? लोकांना दिसतंय की सगळं."

समोर खेळाडू गोलच्या तोंडाशी पोचला, गोल झाला, आणि अण्णांच्या तोंडून नुसतं "गोल झाला" आलं. नंतर मला म्हणाले, "त्या खोलीत शब्द आलाच न्हाई बघा. मीच वाट बघत हुतो." चॅनलचं काम त्यांनी दोन-तीन सामन्यांत सोडलं.

त्यानंतर ते निवृत्त झाले आणि निवृत्तीनंतर फार दिवस राहिले नाहीत. त्यांच्या अंत्यविधीला दोन्ही तालमींची माणसं आली होती, ते सगळं पेपरात आलं. माझ्या लक्षात राहिलेले अण्णा त्याच्या आदल्या मोसमातले आहेत.

त्या दिवशी मैदानावर पुन्हा थोरली आणि धाकटी होती. मला तोवर फुटबॉलचं वेड लागलेलं, मी सुट्टी टाकून आले होते. पाहते तर मी बसले त्याच थोरलीच्या गॅलरीत, ऐन मध्यभागी, सिमेंटच्या पायरीवर मफलर गुंडाळून अण्णा बसलेले आणि शेजारी मल्लूशेठ. दोघांच्या मध्ये थर्मास. या दोघांचं कधी जुळलं कोण जाणे. मल्लूशेठ कानडीत काहीतरी सांगत होते आणि अण्णा कानडीतच उत्तर देत होते, हे मात्र मी माझ्या कानांनी ऐकलं.

सामना रंगात आला. धाकटीचा एक उंच पोरगा मधूनच चेंडू काढून निघाला. एकाला चकवलं, दुसऱ्याला चकवलं. नवा निवेदक त्याचं वय, त्याची तालीम, त्याचे मागचे गोल सांगत सुटला होता आणि त्याचं कुणी ऐकत नव्हतं. धाकटीकडून होऽऽडी सुरू झालं. आमच्या बाजूला, थोरलीत, सगळे दातओठ खात गप्प. मी चेंडूकडे बघायचं सोडून अण्णांकडे बघितलं.

ते उठून उभे राहिले होते. मफलर गळून पायाशी पडलेला, एक हात छातीशी, मानेच्या शिरा ताणलेल्या, आणि तोंड सबंध उघडं. "होडी! होडी! होडी!" इतकी वर्षं माईकपुढं धरून ठेवलेला तो आवाज मला पहिल्यांदाच पुरता ऐकू आला. थोरलीची सगळी गॅलरी मागं वळून त्यांच्याकडे बघू लागली.

मल्लूशेठ घाबरले. त्यांनी अण्णांचा शर्ट ओढला. "अण्णा, ओ अण्णा! काय करतासा? धाकटीचं हाय ते पोरगं!"

चेंडू खांबाला लागून बाहेर गेला. अण्णा धापा टाकत खाली बसले. चेहरा घामानं आणि आनंदानं भिजला होता.

"असू दे की मल्लूशेठ," ते म्हणाले, "पाय उचलला हुता की त्येनं."

मल्लूशेठनी कपाळाला हात लावला, खाली पडलेला मफलर उचलून त्यांच्या खांद्यावर टाकला आणि थर्मासचं झाकण उघडलं.